व्हिएतनामच्या संस्कृतीवर पहिला माहितीपट करताना

व्हिएतनामवर माहितीपट करायला निघालेल्या नवख्या निर्मात्याच्या वहीत बहुधा एकच यादी सापडते: हा-लाँगचा उपसागर, होई आनचे कंदील, कू चीची भुयारे, मेकाँगमधला तरंगता बाजार आणि शेवटी हनोईच्या पदपथावरचा फोचा, म्हणजे नूडल सूपचा वाडगा. ही सगळी ठिकाणे एका दमात उरकून आलेल्या माणसाकडे देखणी दृश्ये भरपूर असतात, पण माहितीपट नसतो, कारण त्या दृश्यांमध्ये एकही माणूस दुसऱ्यांदा दिसत नाही. उत्तरेपासून दक्षिणेपर्यंत सुमारे १,६५० किलोमीटर पसरलेला आणि ५४ वांशिक गटांना अधिकृत मान्यता देणारा हा देश एका प्रवासात ‘दाखवणे’ शक्य नाही, आणि तसा प्रयत्नही करू नये. एक गाव, एक काम आणि ते काम करणारी दोन-तीन माणसे एवढाच आवाका पहिल्या माहितीपटासाठी पुरेसा असतो. पुढच्या सगळ्या सूचना हे गृहीत धरूनच केल्या आहेत.

पहिली पायरी: विषय लहान करणे

लहान विषय म्हणजे काय, हे एका उदाहरणाने सांगतो. हनोईपासून गाडीने तासा-दीड तासाच्या अंतरावर, डुओंग नदीच्या काठी, बाक निन्ह प्रांतात डोंग हो नावाचे गाव आहे. लाकडी ठशांनी छापलेली लोकचित्रे ही या गावाची ओळख. दो नावाच्या झाडाच्या सालीपासून केलेल्या कागदावर शिंपल्यांची पूड आणि खळ यांचा हात देतात. तो देताना पाइनच्या सुयांचा कुंचला वापरतात, त्यामुळे कागदावर बारीक, चमकदार रेघा उमटतात. काळा रंग बांबूच्या पानांच्या कोळशापासून, पिवळा होए नावाच्या झाडाच्या फुलांपासून, तर तांबडा टेकड्यांवरच्या लाल खड्यांपासून करतात. प्रत्येक रंगासाठी वेगळा ठसा असतो आणि काळ्या बाह्यरेषेचा ठसा सर्वांत शेवटी उमटतो. ठसा कागदाला चिकटला की कागदाची मागची बाजू घोसाळ्याच्या वाळलेल्या चोथ्याने घासतात, आणि मग कागद एका कोपऱ्याने हलकेच सोडवतात. हा कागद सुटतानाचा आवाज ध्वनिमुद्रित केला नाही, तर अर्धे दृश्य हातचे गेले असे समजावे.

पण एवढ्याने फक्त कृती टिपली जाते. विषय उभा राहतो तो गावातल्या दुसऱ्या उद्योगामुळे. आज डोंग होमध्ये चित्रे छापणारी घरे मोजकीच उरली आहेत. बाकीच्या बऱ्याच घरांत पितरांसाठी जाळायच्या कागदी वस्तू तयार होतात: कागदी कपडे, कागदी मोटारसायकली, कागदी घरे. एका घरात टेटच्या, म्हणजे चांद्र नववर्षाच्या आधी भिंतीवर लावायचे चित्र छापले जाते आणि शेजारच्या घरात त्याच सणाला जाळून टाकायचा कागद चिकटवला जातो. दोन्ही घरे एकाच गिऱ्हाइकाच्या श्रद्धेवर चालतात. असा ताण ज्या विषयात आपोआप सापडतो, तो निवडावा. कलेचा ऱ्हास हे सूत्र सहज सुचते आणि म्हणूनच ते टाळलेले बरे, कारण दोन्ही घरांतली माणसे कामात गुंतलेली असतात आणि त्यांना स्वतःविषयी हळहळ वाटत असेलच असे नाही.

मराठी प्रेक्षकाला जवळचा वाटेल असा दुसरा विषय चाम समाजाचा आहे. मध्य व्हिएतनाममधील मी-सोन येथे साधारण चौथ्या ते तेराव्या शतकापर्यंत चाम लोकांच्या चंपा राज्याची मंदिरे बांधली गेली. शिवाची भद्रेश्वर या नावाने तिथे उपासना होत असे आणि संस्कृत शिलालेखही तिथे सापडले आहेत. १९६९च्या अमेरिकी बाँबफेकीत या समूहाचे मोठे नुकसान झाले, १९९९मध्ये तो युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आला, आणि अलीकडे भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या पथकाने तिथे जतनाचे काम केले. त्या कामातच २०२०मध्ये नवव्या शतकातले एकसंध वालुकाश्माचे शिवलिंग मिळाले. इथवर मजकूर निवेदनात छान बसतो. तरीही मी नवख्या निर्मात्याला मी-सोनवर थांबू नका असेच सांगेन, कारण विटांच्या भिंती मुलाखत देत नाहीत. चाम माणसे आजही फान रांगच्या परिसरात राहतात, बाऊ चुक गावच्या स्त्रिया चाकाशिवाय, स्वतः मडक्याभोवती फिरत मडकी घडवतात, आणि साधारण सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये पो क्लोंग गराई मनोऱ्यापाशी कातेचा उत्सव भरतो. त्या उत्सवात देवतेची वस्त्रे डोंगरातल्या रागलाई लोकांकडून मिरवणुकीने आणली जातात. चाम लोकांना ‘हरवलेल्या हिंदू राज्याचे अवशेष’ म्हणून दाखवणे हा त्यांच्यावर अन्याय ठरतो. चामांमध्ये ब्राह्मणी परंपरा मानणारे आहेत, तसे इस्लामचा प्रभाव असलेले बानीही आहेत, आणि दोघेही आजच्या व्हिएतनामचे नागरिक आहेत.

जाता जाता आणखी एक. अमेरिकेला हरवताना व्हिएतनामी नेत्यांनी शिवाजी महाराजांपासून प्रेरणा घेतली आणि त्यांच्या एका राष्ट्राध्यक्षाने आपल्या समाधीवर तसे कोरून घेतले, हा संदेश आपल्याकडे वर्षानुवर्षे मोबाइलवर फिरतो आहे. त्याला विश्वासार्ह आधार नाही. महाराजांच्या गनिमी काव्याचे मोठेपण अशा आधारावर अवलंबून नाही, तेव्हा या संदेशाला संहितेत जागा देऊ नये आणि तिथल्या अधिकाऱ्यांपुढे तो विषय काढून आपले हसे करून घेऊ नये.

दुसरी पायरी: तिथी आणि पाऊस पाहून तारखा ठरवणे

व्हिएतनाममधील सण चांद्र कालगणनेने ठरतात, आणि ती आपल्या अमान्त पंचांगाशी पुष्कळ जुळते. महिना अमावास्येपाशी सुरू होतो, पंधरावी तिथी पौर्णिमेच्या आसपास येते आणि अधिक महिनाही असतो. त्यामुळे भिंतीवरची दिनदर्शिका आराखड्यासाठी चक्क उपयोगी पडते. होई आनमध्ये चांद्र महिन्याच्या चौदाव्या रात्री जुन्या गावातले विजेचे दिवे मंद करून कंदील लावतात, ती आपली शुद्ध चतुर्दशी. मुलांचा शरद-पौर्णिमेचा सण भाद्रपद किंवा आश्विन पौर्णिमेच्या सुमारास येतो. मात्र नक्की तारीख नेहमी व्हिएतनामी दिनदर्शिकेवरूनच पक्की करावी, कारण एखाद्या दिवसाचा फरक पडू शकतो आणि महिन्यांची नावेही जुळतीलच असे नाही.

टेट २०२६मध्ये १७ फेब्रुवारीला होता आणि २०२७मध्ये तो ६ फेब्रुवारीला आहे. खुद्द टेटच्या दिवसांत चित्रीकरण ठेवणे ही उत्साहाच्या भरात सहज होणारी चूक आहे. त्या आठवड्यात दुकाने, कार्यशाळा आणि कार्यालये बंद असतात, शहरे रिकामी होतात, तिकिटे मिळत नाहीत आणि घरोघरी पाहुणे असल्याने परक्या माणसाला वेळ देणे कुणालाच सोयीचे नसते. चित्रपटाच्या दृष्टीने खरी गंमत त्याआधीच्या पंधरवड्यात असते. बाराव्या महिन्याच्या तेविसाव्या तिथीला चुलीचे देव स्वर्गात हकिगत सांगायला निघतात, म्हणून लोक तळ्यात-नदीत कार्प मासे सोडतात. उत्तरेत पीचच्या फांद्या आणि दक्षिणेत पिवळ्या माईच्या फुलांची झाडे स्कूटरच्या मागे बांधून नेली जातात. रात्रभर मोठ्या पातेल्यांत बान्ह चुंग शिजतो: चिकट तांदूळ, मुगाची डाळ आणि डुकराचे मांस हिरव्या पानांत चौकोनी बांधून केलेला. दक्षिणेतला त्याचा भाऊबंद, बान्ह टेट, लांबट गोल असतो. टेटनंतर लगेच उत्तरेत गावजत्रांचा हंगाम सुरू होतो, आणि पहिल्या महिन्याच्या तेराव्या तिथीला बाक निन्हमधील लिम जत्रेत क्वान हो हे लोकगायन ऐकायला मिळते.

हवामानासाठी देशाचे तीन भाग धरावेत. उत्तरेत हिवाळा खराखुरा थंड असतो आणि फेब्रुवारी-मार्चमध्ये बारीक झिमझिम इतकी चालते की घरातल्या फरश्यांनाही पाणी सुटते. मध्य भागात पाऊस साधारण सप्टेंबर ते डिसेंबर असतो आणि ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये होई आनच्या गल्ल्यांत पुराचे पाणी शिरते. दक्षिणेत मे ते नोव्हेंबर पावसाळा आणि पुढे कोरडा काळ. म्हणजे संपूर्ण देशासाठी ‘उत्तम’ असा एक महिना नसतो, आणि एकाच जागेवर राहण्याच्या बाजूने हेही एक कारण आहे.

तिसरी पायरी: व्हिसा आणि परवानग्या

भारतीय पारपत्रधारकाला व्हिसा लागतो. १५ ऑगस्ट २०२३पासून ई-व्हिसा ९० दिवसांपर्यंत मिळतो. एका प्रवेशासाठी २५ आणि अनेक प्रवेशांसाठी ५० अमेरिकी डॉलर शुल्क आहे. अर्ज सरकारच्या अधिकृत संकेतस्थळावरूनच करावा, कारण तशाच दिसणारी आणि जास्त पैसे उकळणारी खासगी संकेतस्थळे पुष्कळ आहेत.

पर्यटक व्हिसा म्हणजे चित्रीकरणाची परवानगी नव्हे, हे मात्र नीट समजून घ्यावे. रस्त्यावर मोबाइलने किंवा छोट्या कॅमेऱ्याने सहलीची आठवण टिपणाऱ्याला सहसा कुणी अडवत नाही. पण तिपाई, बूम-माइक आणि तीन माणसांचे पथक दिसले की चौकशी होते, आणि ती रास्तच असते. वृत्तमाध्यमासाठी माहितीपट करत असाल तर विषय परराष्ट्र मंत्रालयाच्या अखत्यारीत येतो आणि तिथल्या विदेशी वृत्तमाध्यम केंद्रामार्फत अर्ज करावा लागतो. चित्रपटनिर्मिती म्हणून जात असाल, तर १ जानेवारी २०२३पासून लागू झालेल्या चित्रपट कायद्यानुसार संस्कृती, क्रीडा व पर्यटन मंत्रालयाचा परवाना लागतो आणि तो तिथल्या निर्मितीसेवा देणाऱ्या कंपनीमार्फत काढावा लागतो. आपण कोणत्या वर्गात मोडतो हे मुंबईतील व्हिएतनामच्या वाणिज्य दूतावासाला लेखी विचारून घ्यावे आणि आलेले उत्तर जपून ठेवावे. ड्रोनला स्वतंत्र परवानगी लागते आणि ती लष्करी यंत्रणेच्या हातात आहे. पहिल्या माहितीपटात ड्रोन नसला तर काही बिघडत नाही, किंबहुना भातखाचरांची वरून घेतलेली दृश्ये इतकी झाली आहेत की ती नसणेच बरे.

पत्ते लिहिताना एक नवी अडचण येते. १ जुलै २०२५पासून देशातील ६३ प्रांतस्तरीय विभागांचे ३४ झाले आणि जिल्ह्याची पातळीच रद्द झाली. मी-सोन पूर्वी क्वांग नाम प्रांतात होते, तो प्रांत आता दा नांग शहरात विलीन झाला आहे. फान रांगचा निन्ह थुआन प्रांत खान्ह होआमध्ये गेला आणि हा-जियांग प्रांत तुयेन क्वांगमध्ये. प्रवास-पुस्तके, जुने नकाशे आणि लोकांच्या तोंडची नावे अजून जुनीच आहेत. अर्जात नवे नाव लिहून पुढे जुने नमूद करावे. चीनच्या सीमेलगतच्या डोंगराळ भागात जाणार असाल तर सीमाक्षेत्राची परवानगी लागते का, हेही स्थानिक सहकाऱ्याकडून आधीच विचारून घ्यावे.

चौथी पायरी: स्थानिक सहकारी शोधणे

तुमच्या अंदाजपत्रकातली सर्वांत महत्त्वाची रक्कम कॅमेऱ्यावर नव्हे, तर या माणसावर खर्च व्हावी. तो दुभाषी असतो, परवानग्यांचा पाठपुरावा करतो, गावच्या लोकसमितीच्या, म्हणजे स्थानिक प्रशासनाच्या कार्यालयात तुमच्या आधी जाऊन चहा पितो आणि कोणत्या घरी कधी जाऊ नये हे सांगतो. निवडताना केवळ त्याचे इंग्रजी पाहू नये. बोली ही मोठी अडचण आहे. हनोईचे स्वर सायगावात (आजचे हो ची मिन्ह शहर) बदलतात, आणि न्घे आन किंवा क्वांग नामच्या खेड्यातले बोलणे राजधानीतल्या सुशिक्षित माणसालाही चटकन कळत नाही. म्हणून ज्या भागात चित्रीकरण, त्याच भागातला दुभाषी घ्यावा. डोंगरातल्या ह्मोंग किंवा अन्य समाजांतील वृद्धांशी बोलायचे असेल तर मध्ये आणखी एक माणूस लागेल, हे धरून मुलाखतीचा वेळ दुप्पट ठेवावा.

व्हिएतनामी भाषेत समोरच्याला नाते लावल्याशिवाय वाक्य पुढे सरकत नाही. आजी, काकू, थोरली बहीण, धाकटा भाऊ यांपैकी काय लावायचे, हे वयावरून ठरते, आणि म्हणूनच पहिल्या भेटीत वय विचारले जाते. आपल्याकडेही अनोळखी बाईंना मावशी किंवा काकू म्हटल्याशिवाय बोलणे सुरू होत नाही, तेव्हा मराठी माणसाला यात अवघडल्यासारखे वाटू नये. दुभाष्याला मुलाखतीआधीच सांगावे की मी या आजींचा नातू म्हणून बोलणार आहे, आणि शेवटपर्यंत ते नाते बदलू नये.

पाचवी पायरी: साहित्य

वीज २२० व्होल्ट आणि भारतासारखीच ५० हर्ट्झ आहे, त्यामुळे २५ फ्रेम आणि १/५० शटर ठेवले तर ट्यूबलाइट लुकलुकत नाहीत. लिथियम बॅटऱ्या केवळ हातातल्या सामानात न्याव्यात. १०० वॉट-तासांपर्यंतच्या बॅटऱ्यांना सहसा हरकत नसते, १०० ते १६० पर्यंतच्या दोनच आणि त्याही विमान कंपनीच्या संमतीने नेता येतात. महागडे साहित्य भारताबाहेर नेताना विमानतळावरील सीमाशुल्क कक्षातून अनुक्रमांकांसह निर्यात प्रमाणपत्र घ्यावे, म्हणजे परतताना ‘हे तिकडून आणले का?’ या प्रश्नाला उत्तर हातात असते. वातानुकूलित खोलीतून कॅमेरा एकदम बाहेर काढला की भिंगावर धुके जमते, म्हणून तो बंद पिशवीत ठेवून बाहेरच्या हवेत अर्धा तास मुरू द्यावा आणि मगच उघडावा. सिलिका जेलच्या पुड्या भरपूर न्याव्यात.

भिंगावरचे पैसे वाचवून ध्वनीवर घालवावेत. व्हिएतनामी शहरांत मोटारसायकलींचा गुंजारव अखंड असतो, आणि गावात शांतता मिळेल म्हणावे तर शेजारी चाकांच्या स्पीकरवर कराओके सुरू होते. गळ्याला लावायचे दोन चांगले माइक आणि एक दिशादर्शी माइक एवढे पुरते. लिम जत्रेत मंचावरचे क्वान हो ध्वनिक्षेपकांतून फाटते. गायनाचा खरा पोत घरात बसून चालणाऱ्या रात्रीच्या बैठकीत मिळतो, जिथे स्त्री-पुरुषांच्या जोड्या विडे देऊन एकमेकांना गाण्याने उत्तर देतात. त्या बैठकीचे निमंत्रण मिळवणे हे तुमच्या स्थानिक सहकाऱ्याचे कौशल्य.

सहावी पायरी: घरात शिरल्यावर

पहिल्या भेटीला कॅमेरा गाडीतच ठेवावा. फळे किंवा चहाची पुडी दोन्ही हातांनी द्यावी, समोर आलेला चहा प्यावा आणि काय करणार, किती वेळ लागेल, ते कुठे दाखवले जाईल, हे सांगावे. घराच्या दर्शनी खोलीत बहुधा पूर्वजांची वेदी असते: छायाचित्रे, फळे, पाण्याचे पेले आणि राखेने भरलेले उदबत्त्यांचे भांडे. चौकट साधण्यासाठी हे भांडे कधीही हलवू नये. ते विधीशिवाय जागचे हलवणे अशुभ मानतात, आणि घरातले लोक संकोचाने काही बोलले नाहीत तरी त्यानंतरची मुलाखत कोरडीच होते. दिव्याचा स्टँड वेदीसमोर उभा करण्यापूर्वीही विचारावे.

मुलाखतीत दुभाष्याला कॅमेऱ्याच्या अगदी लगत बसवावे, कारण बोलणारा उत्तर देताना त्याच्याकडेच पाहणार. त्याने पूर्ण उत्तर झाल्यावरच थोडक्यात सारांश सांगावा. दोघांचे आवाज एकमेकांवर आले की संकलनात काहीही वाचवता येत नाही. दुभाष्याचा आवाज वेगळ्या ट्रॅकवर घ्यावा. संमतिपत्र व्हिएतनामीत असावे, आणि सही घेण्याआधी ते मोठ्याने वाचून दाखवावे.

मोबदल्याचा प्रश्न अवघड आहे. मुलाखतीसाठी पैसे देऊ नयेत, असा माहितीपटवाल्यांचा संकेत आहे आणि मला तो बराचसा मान्य आहे. मात्र कारागिराचा अख्खा दिवस आपल्या चित्रीकरणात गेला तर त्याच्या बुडालेल्या कामाची भरपाई देणे, किंवा त्याच्याकडून माल विकत घेणे, यात काहीही गैर नाही. रक्कम आधी ठरवावी आणि ती सहकाऱ्यामार्फत द्यावी.

युद्धाविषयी स्वतःहून विचारू नये. समोरच्याने विषय काढला तर ऐकावे, कॅमेरा चालू ठेवण्यापूर्वी परवानगी घ्यावी. लष्करी ठिकाणे, विमानतळांचे परिसर आणि पोलिसांचे चित्रीकरण टाळावे. हनोईतील हो ची मिन्ह यांच्या समाधीगृहात आत छायाचित्रणाला बंदी आहे.

राहणे, फिरणे, जेवणे

याविषयी माहिती सगळीकडे मिळते, म्हणून थोडक्यात. शहरात ॲपवरून गाडी मागवावी. स्कूटर स्वतः चालवू नये, कारण वैध परवाना नसेल तर विमा हात वर करतो आणि कॅमेरा सांभाळत ती वाहतूक झेपतही नाही. हनोई ते सायगाव हा १,७२६ किलोमीटरचा रेल्वेमार्ग आहे. संपूर्ण प्रवासाला तीस तासांहून अधिक लागतात, पण हुए ते दा नांग हा हाय वान घाटाचा तुकडा दिवसा करावा. वीस हजार आणि पाच लाख डोंगच्या दोन्ही नोटा निळसर असतात, त्या पाकिटात वेगळ्या ठेवाव्यात. शाकाहाऱ्यांनी ‘चाय’ (chay, म्हणजे शाकाहारी) असे लिहिलेली खानावळ शोधावी. पहिल्या आणि पंधराव्या तिथीला अनेक व्हिएतनामी लोकही शाकाहार करतात, त्यामुळे त्या दिवशी पर्याय वाढतात. एरवी भाजीतही माशाचा सॉस असतो, हे धरूनच चालावे.

परतल्यावर

रोज रात्री दोन वेगळ्या डिस्कवर प्रती काढलेल्या असतील तर संकलनाची सुरुवात शांतपणे होते. मुलाखतींचे भाषांतर चित्रीकरणातल्या दुभाष्याकडून न करता दुसऱ्या माणसाकडून करून घ्यावे, कारण पहिला माणूस त्या दिवशी जे समजून घेतले तेच पुन्हा ऐकतो. उपशीर्षकांत व्हिएतनामी नावे रोमन लिपीत येणार असतील तर स्वरचिन्हांसह लिहावीत, आणि त्यासाठी निवडलेला फाँट ती चिन्हे नीट दाखवतो की नाही, हे आधीच तपासावे. देवनागरीत लिहिताना एक पद्धत ठरवून ती शेवटपर्यंत पाळावी.

नकाशा वापरणार असाल तर तो विशेष काळजीने निवडावा. दक्षिण चिनी समुद्राला व्हिएतनाममध्ये पूर्व समुद्र म्हणतात आणि चीनने आखलेली नऊ तुकड्यांची सीमारेषा तिथे अजिबात खपवून घेतली जात नाही. २०२३मध्ये एका मोठ्या हॉलिवूड चित्रपटाचे प्रदर्शन याच कारणावरून रोखले गेले होते. इंटरनेटवरून उचललेल्या तयार नकाशात ती रेषा नकळत येऊ शकते.

अंतिम प्रत पाठवण्यापूर्वी कच्चे संकलन व्हिएतनामी उपशीर्षकांसह ज्यांच्यावर माहितीपट आहे त्यांना दाखवावे. दुरुस्त्या बहुधा किरकोळ निघतात: नातेसंबंध चुकलेला, ठशांचा क्रम उलटा लागलेला, एखाद्या गाण्याचे गाव चुकीचे दिलेले. एखाद्याने आपले वाक्य काढून टाकायला सांगितले तर ते काढावे. त्याला तिथे राहायचे असते आणि गावातल्या माणसांना रोज तोंड द्यायचे असते.